काचेची खालची बाजू

१२ जानेवारी

भिंगरे,

तुझ्या बापानं नवीन मशीन आणलंय. टीव्हीला जोडून खेळ खेळायचं. हे काय म्हणून विचारलं तर म्हणाला, "गिऱ्हाइकाचं आहे, दुरुस्तीला आलंय." दुरुस्तीची वस्तू खोक्यात, वरची चिकटपट्टी न फाडता येते होय? मी चौथीपर्यंतच शिकले, पण डोळे शाळेत ठेवून आले नाही.

आल्या आल्या त्यानं काय केलं असेल? चालू केलं नाही. पान्ह्यांची पेटी काढली आणि मागचे स्क्रू खोलले. आत काय आहे ते बघायचं होतं म्हणे. खोक्यातल्या कागदावर लिहिलं होतं की उघडल्यास कंपनी जबाबदार नाही. मी मोठ्यानं वाचून दाखवलं. "मी कुठं कंपनीला बोलावतोय," म्हणाला. जन्मभर फ्रीज खोलले, आता हाताला बंद वस्तू सहनच होत नाही.

तुझ्या जुन्या डिस्का माझ्याकडे आहेत. तुला माहीत नव्हतं ना? जुनं मशीन भंगारात गेलं त्या दिवशी मी त्या कपाटात चादरींच्या घड्यांमध्ये सरकवल्या होत्या. त्यातली 'काचवाले' काढून दिली. मला वाटलं, ताटलीसारखी घातली की झालं. तसं नाही. नव्या मशीननं ती डिस्क आधी ओळखली, मग म्हणालं थांबा, हा खेळ मी माझ्या पद्धतीनं इंटरनेटवरून उतरवून घेतो. सकाळपासून जेवणं होईपर्यंत एक निळी पट्टी गोगलगाईसारखी सरकत होती. खेळ एकदाचा आत गेला, म्हणून तुझ्या बापानं डिस्क काढून पुसून ठेवली, तर खेळ बंद. डिस्क घाला म्हणतंय. खेळ पोटात गेला तरी पुरावा वर पाहिजे. तुझा बाप म्हणाला, "म्हणजे जेवून झालं तरी ताट हातात धरून बसायचं." बऱ्याच दिवसांनी विनोद केला त्यानं. मी हसले नाही, नाहीतर सवय लागते.

खेळ तोच आहे गं. दोन माणसं एक भलीमोठी काच दोन टोकांना धरून गल्ल्यांतून, पुलांवरून, जिन्यांवरून नेतात. एकानं घाई केली की काच फुटली, पुन्हा पहिल्यापासून. पण आता चित्र एवढं लख्ख दिसतं की विचारू नकोस. आपल्या वेळी त्या माणसांना धड तोंडं नव्हती. आता माझ्या माणसाला मिशा निघाल्या. इतकी वर्षं मी कुणाला चालवत होते ते आत्ता कळलं. टीव्हीवर चित्र मधोमध चौकोनी येतं आणि दोन्ही बाजूंना काळे पट्टे. तुझ्या बापाला रिकामी जागा बघवेना, त्यानं ते ताणून पडदाभर केलं. काचवाले इतके लठ्ठ झाले की दारातून जाताना मलाच लाज वाटली. परत चौकोनी करायला लावलं.

आपण कारखान्याच्या गच्चीपर्यंत पोचलो होतो, ते सगळं गेलं. ते जुन्या मशीनमधल्या छोट्या कार्डावर होतं, आणि कार्ड मशीनबरोबर गेलं. आता पहिली गल्ली. मला त्याचं काही वाटत नाही. मी भाड्याची इतकी घरं पहिल्यापासून लावली आहेत, ही गल्ली काय.

आता मुद्दा. एकटीनं काच उचलतच नाही. खेळ विचारतो, दुसरा कुठाय? तुझा बाप मशीन ज्याच्याकडून आणलं त्या दुकानदाराला विचारून आला. आता म्हणे दुसरा माणूस दुसऱ्या गावात असला तरी चालतो, त्याच्याकडे तसंच मशीन पाहिजे. तुझ्याकडे असणार, तुझं कामच खेळ तपासायचं. रविवारी दुपारी खेळशील?

आडपडदा ठेवत नाही. तू घर सोडल्याला दुसरं वर्ष लागलं आणि तुम्ही बापलेक एक शब्दही बोललेले नाहीत. मी इथून तिथे निरोप पोचवणार नाही, मी टपालपेटी नाही. पण मी गेल्यावर तुम्ही दोघं कधीतरी समोरासमोर येणारच, आणि तेव्हा बोलायला काय असेल? म्हातारीच्या चादरी कोण ठेवणार, एवढंच. त्याच्या आधी तुमचं काहीतरी सुरू व्हावं एवढंच मला बघायचंय. पण तुला त्याच्याशी खेळायला सांगत नाहीये. माझ्याशी खेळ.

आजी

२३ जानेवारी

भिंगरे,

तुझं पत्र पोचलं. अक्षर बापासारखं झालंय तुझं, सगळी अक्षरं एकमेकांना टेकून उभी.

तुझी अट वाचली. "फक्त तू. बाबा खोलीत असला तर मी मशीन बंद करीन, आणि पुन्हा लावणार नाही." कबूल. रविवारी दुपारी तो दुकानात असतो. रविवारी कोण फ्रीज आणतं हे मला विचारू नकोस. घरी बसून भिंतीकडे बघण्यापेक्षा तिथे बसून कॉम्प्रेसरकडे बघतो.

तू लिहिलंस की त्याला मशीन आणायचा काय अधिकार. बरोबर आहे. त्या दिवशी मी दारात उभी होते. परीक्षेत नापास झालीस म्हणून तू बाहेर गेलेली असताना त्यानं तुझं मशीन भंगारवाल्याच्या गाडीवर ठेवलं. तू आलीस, टीव्हीखालची रिकामी फळी बघितलीस आणि म्हणालीस, "जगाची बंद मशीनं चालू करतोस आणि माझं चालू मशीन भंगारात घातलंस." मग पिशवी भरलीस. तो काही बोलला नाही. त्याचं असंच आहे. तुझी आई गेली तेव्हाही तो कुणाशी बोलला नव्हता, सगळ्या शेजाऱ्यांचे पंखे दुरुस्त करत सुटला होता. मी त्याची बाजू घेत नाहीये. पोरगा माझा आहे, म्हणून त्याचं डोकं कुठे अडकतं ते मला ठाऊक आहे, एवढंच. शेजारी विचारतात तेव्हा सांगतो, मुलगी कॉम्प्युटर कंपनीत मोठ्या जागेवर आहे. खेळ तपासते म्हणायला जीभ वळत नाही.

मी सराव करते आहे, पण एक गोम आहे. मी बटण दाबते आणि माझा मिशीवाला जरा थांबून पाऊल उचलतो. वेळ चुकते आणि खड्ड्यात. आधी वाटलं माझीच बोटं म्हातारी झाली. तू लिहिलंस की दोष बोटांचा नाही, नवे टीव्ही चित्र सजवत बसतात म्हणून उशीर होतो, टीव्हीच्या सेटिंगमध्ये 'गेम' म्हणून आहे ते लाव. ते लावलं. कुणी लावलं ते विचारू नकोस, माझ्याच घरातला टीव्ही आहे. आता बटण दाबलं की पाऊल लगेच पडतं. म्हणजे नव्या वस्तूला इतकंच सांगायचं असतं, नटू नकोस, काम कर.

पुढच्या नाही, त्याच्या पुढच्या रविवारी. जेवण उरकून. तू लिहिलेलं सगळं भिंतीवर चिकटवलंय.

तुझीच म्हातारी

९ फेब्रुवारी

भिंगरे,

ओळी वाकड्या आल्या आहेत, समजून घे. कागद सरकतो. वर वाटी ठेवली तर वाटी सरकते. टेबल गुळगुळीत आहे, दुसरं काही नाही.

दोन रविवार झाले. तुझा आवाज टीव्हीतून आला तेव्हा मी आधी टीव्हीच्या मागे बघितलं, ते कुणाला सांगू नकोस. आवाज बारीक झालाय तुझा. ऑफिसात दिवसभर गप्प बसून खेळत असशील.

तू म्हणालीस, "आजी, तू सुधारलीस. पूर्वी मला फरफटत न्यायचीस, आता पुलाच्या टोकाला थांबतेस." वय झाल्यावर माणसाला थांबायला येतं. तू म्हणालीस, "बोलतेस मात्र पूर्वीसारखीच." तोंडाला वय नसतं. मधे खोकला आला तो माझा होता. हिवाळा आहे. बायकांनाही जाड खोकला येतो.

फळीच्या पुलावर तू घसरलीस आणि काच फुटली, तेव्हा माझा माणूस जागेवर वाकून उभा राहिला, तू हसलीस. म्हणालीस, "काय शोधतेस, तुकडे गोळा करायचे असतात का या खेळात?" नसतात. चुकून बटण दाबलं गेलं.

आणि एक. तू दोनदा विचारलंस, "बाबा दुकानात गेलाय ना नक्की?" पहिल्यांदा विचारलंस ते अटीसाठी. दुसऱ्यांदा विचारलंस तेव्हा अर्धा डाव झाला होता, तेव्हा कशासाठी विचारलंस? मी काही म्हणत नाही. विचारलंस एवढं लिहून ठेवते.

तो बरा आहे. जेवतो. दाढी मात्र शनिवारी संध्याकाळीच करून ठेवतो हल्ली. रविवारी वेळ मिळत नाही म्हणे.

आजी

२३ फेब्रुवारी

भिंगरे,

काल तुझा आवाज बसल्यासारखा वाटला. मिठाच्या कोमट पाण्यानं गुळण्या कर. हे ~~तुझ्या बापानं~~ मी सांगते आहे. खोडलंय ते वाचत बसू नकोस.

बाजारातला टप्पा पार झाला. मला नव्हतं वाटलं होईल म्हणून. ती भाजीची हातगाडी आडवी येते तिथे पूर्वी आपण दोघी किती वेळा आपटलो. काल तू नुसतं "थांब" म्हणालीस आणि माझा मिशीवाला पाय उचललेला तसाच थांबला. तू म्हणालीस, "आजी, तू कधीपासून ऐकायला लागलीस?" काय उत्तर देऊ? सत्तरी ओलांडली, आता लागले.

इथे तुझ्या बापाच्या दुकानाची तक्रार चालू आहे. दुपारी शटर खाली असतं. कोपऱ्यावरचा शिंपी घरी येऊन मला म्हणाला, "आजी, माझा फ्रीज आठवडाभर त्याच्याकडे पडलाय, दूध शेजारी ठेवावं लागतं. दुपारी असतो कुठे हा?" मी म्हटलं, देवाला माहीत. देवाला आणि मला. शिंपी मोठा चौकस, त्याची नजर टीव्हीखालच्या फळीकडे गेली. म्हणाला, "खेळणं कुणाचं?" मी म्हटलं, माझं. त्यानं माझ्याकडे असं बघितलं, जणू हिच्या मापाचं आता काही शिवता येणार नाही. गेला.

तू विचारलंस, जिना आला की मी दर वेळी काच का फिरवते. तू पुढे असलीस तर मी वळसा घालून पुढे येते आणि मग उतरायला सुरुवात. वेळ जातो, घड्याळ पळतं, गुण कमी होतात. खरंय तुझं. खेळात दोघं कुठल्याही बाजूनं उतरली तरी चालतं, हेही खरं. पण मला खालची बाजू बरी वाटते. म्हाताऱ्या माणसाला पुढे काय आहे ते दिसलेलं बरं. याच्यावर अजून काही विचारू नकोस, माझ्याकडे याहून चांगलं उत्तर नाही.

पुढच्या रविवारी तुझं ऑफिसचं काम आहे म्हणालीस. म्हणजे त्याच्या पुढच्या रविवारी. इकडे त्यावरून एकाचं तोंड उतरलं. माझं गं. आणखी कुणाचं.

आजी

९ मार्च

भिंगरे,

आता वाटी ठेवायचं कारण सांगते. माझं डावं मनगट मोडलंय. आपला पहिला रविवार यायच्या दोन दिवस आधी न्हाणीघरात पाय घसरला. हाडं जुळली आहेत, प्लास्टर निघेल, डॉक्टर पोरगेला आहे पण हात हलका आहे. काळजीचं कारण नाही आणि केलीस तरी मी घेणार नाही. पण एका हातानं खेळाचा रिमोट धरता येत नाही. तू तिकडे वाट बघत बसली असतीस. आता तुला 'नाही' कळवलं तर तू पुन्हा लावायची नाहीस, हे मला पक्कं माहीत. मग मी तुझ्या बापाला म्हटलं, "बस इथे. माझ्या जागी तू खेळ. बोलणार मी. तुझा श्वाससुद्धा ऐकू येता कामा नये." तो म्हणाला, "तिनं नाही म्हटलंय." मी म्हटलं, "तिनं मला म्हटलंय, तुला नाही." फसवलं म्हण हवं तर. मी सांगून मोकळी झाले.

त्याला रिमोट धरता येत नव्हता. पान्ह्यासारखा मुठीत धरायचा. शटर खाली ओढून दुपारी घरी यायचा आणि एकटा त्या पहिल्या गल्लीत उभा राहायचा, दुसऱ्या रिमोटवर मला एका हाताचा अंगठा फिरवायला लावायचा. मी त्याला इतकं चुकताना कधी बघितलं नाही. फ्रीजपुढे चुकत नाही ना तो.

कालचं तुला ठाऊक आहे, पण माझ्या बाजूनं कसं दिसलं ते लिहिते, कारण तिकडून तुला फक्त काचवाले दिसत होते.

दगडी जिना आला. तू पुढे होतीस. त्यानं नेहमीसारखी काच फिरवायला घेतली. तू जागची हलली नाहीस. मला वाटलं, मशीन अडकलं. मग तुझा आवाज आला, "बाबा, तो फ्रीज नाहीये. वळू नकोस. सरळ उतर."

भिंगरे, खोलीत पंखा चालू होता तोसुद्धा मला ऐकू येईनासा झाला. आता ही बंद करणार, मी मनात म्हटलं. गेलं सगळं, मशीन गेलं, रविवार गेला, ही पत्रंही गेली. तुझ्या बापानं माझ्याकडे बघितलं. लहानपणी शेजारच्यांची खिडकी फोडून आला होता तेव्हा असाच बघत होता. मी मान हलवली, बोल म्हणून. मग म्हणाला, "सवय आहे."

तू म्हणालीस, "माहितीये."

एवढंच. आणि तुम्ही दोघं उतरायला लागलात. दुकानात ये-जा करणारी पोरगी तू, चौदा वर्षांची नसशील, लोकांच्या माड्यांवरून फ्रीज उतरवताना वरचं टोक तू धरायचीस आणि खालचं तो. हमाल मिळाला तरी खालची बाजू त्यानं कधी हमालाला दिली नाही, तुला तर नाहीच. जिन्यात वजन सगळं खालच्यावर येतं. निसटलं तर खालचा जातो. मला वाटायचं तुझं लक्षच नसायचं, कानात गाणी घालून चढायचीस. लक्ष होतं तर. पहिल्याच रविवारी ओळखलंस, का नंतर? आणि ओळखूनही "आजी, आजी" करत इतके रविवार खेळलीस? मग मला फसवलं म्हणायचा तुला काही अधिकार नाही. दोन्हीकडून मलाच मधे उभं केलंत.

पुढे काच फुटली तेव्हा तुम्ही दोघंही माझ्यावर ओरडलात, हे मात्र मी विसरणार नाही. मी हातही लावला नव्हता. लावायला हातच नव्हता.

आता तुला दिसलं नाही ते. तू "चल, उद्या ऑफिस आहे" म्हणून बंद केलंस. तो रिमोट मांडीवर घेऊन तसाच बसला. मी म्हटलं, बोललास ना, आता ऊठ. तो म्हणाला, "तिच्या घराला लिफ्ट आहे का?" मी म्हटलं, नाही, चौथा मजला, मला पत्रात लिहिलं होतं तिनं. मग म्हणाला, "फ्रीज कुणी चढवला मग?" मला काय माहीत, म्हटलं. उठला, पाणी प्यायला, परत येऊन उभा राहिला. "पण खालच्या बाजूला कोण होतं?"

मी कागद काढला आणि वर वाटी ठेवली.

तेव्हा हे कळव. फ्रीज कुणी चढवला आणि खाली कोण होतं. तो तुला विचारणार नाही, रविवारी तासभर तुझ्याशी काच नेईल पण हे विचारणार नाही. आणि फ्रीज नसेलच, बाहेरचं खात असशील, तर तसं सरळ लिही. दुकानात एक छोटा उभा आहे, दोन माणसांनी सहज निघेल असा. आज सकाळपासून तो त्याचं दार पुसतोय. शिंप्यानं भाव विचारला तर म्हणाला, द्यायचा नाही.

पायऱ्या वळणाच्या आहेत का सरळ, तेही लिही, आणि कमी करून सांगू नकोस. त्याची कंबर पूर्वीची राहिलेली नाही, आणि वरची बाजू तुलाच धरायची आहे.

आजी